ड्रायरमागचा टेप आणि सासऱ्यांची दुरुस्ती

पत्र:

नमस्कार काका,

आम्ही न्यू जर्सीत टाउनहाउसमध्ये राहतो. घर स्वतःचं आहे. कपड्यांचा ड्रायर वरच्या मजल्यावर, बेडरूमला लागून असलेल्या छोट्याशा कोनाड्यात आहे. ऑक्टोबरात सांगलीहून सासू-सासरे आले. सासरे एसटीच्या वर्कशॉपमधून निवृत्त झालेले, त्यांना रिकामं बसवत नाही. एकदा त्यांना ड्रायरमागचा चुण्याचुण्यांचा चंदेरी पाइप निखळलेला दिसला. त्यांनी गराजमधला करडा डक्ट टेप आणला आणि तो पाइप घट्ट गुंडाळून टाकला. महिना-दीड महिना छान चाललं. आता टेपची टोकं सुटून लोंबताहेत, मागच्या भिंतीवर करड्या लवेचा थर दिसतोय, कोनाड्यात दमट वाटतं, आणि परवा किंचित करपट वास आला. नवरा म्हणतो, नावातच ‘डक्ट’, म्हणजे हवेची नळी, आहे, म्हणजे तो डक्टलाच लावायचा. आणखी दोन वेढे मारू. मी हार्डवेअरच्या दुकानात गेले तर टेपांचीच एक अख्खी भिंत! कोणता घेऊ? आणि सासऱ्यांनी इतक्या हौसेने केलेलं काम काढून टाकायचं तर त्यांना वाईट न वाटता कसं सांगू?

– एक वाचक, न्यू जर्सी

उत्तर:

ताई, टेपचं नंतर बघू. करपट वास आला म्हणता, तर आधी ड्रायर बंद करा आणि दुरुस्ती होईपर्यंत चालू करू नका. ओल्या कपड्यांची खेप आत असेल तर बाहेर काढा आणि जिन्याच्या कठड्यावर, खुर्च्यांच्या पाठीवर, जागा मिळेल तिथे वाळत टाका. सासूबाईंना त्यात काही वावगं वाटणार नाही. ड्रायरचा प्लग काढा. तिथवर हात पोचत नसेल तर ब्रेकर पाडा.

तुमचा ड्रायर विजेवर चालतो की गॅसवर, हे पत्रात नाही आणि मला आधी तेच विचारायचं आहे. ड्रायरच्या मागे भिंतीतून निघालेली गॅसची लवचीक नळी आणि तिच्या तोंडाशी हाताने फिरवायची छोटी चावी दिसली, तर तो गॅसचा. गॅसच्या ड्रायरमध्ये जळलेल्या गॅसचा धूरही त्याच चंदेरी पाइपातून घराबाहेर जातो. पाइप सुटला की दमट हवेबरोबर कार्बन मोनॉक्साइडही घरात शिरू शकतो. तुमच्याकडे तर पलीकडेच बेडरूम. या वायूला रंग नसतो की वास नसतो. त्या मजल्यावर त्याचा अलार्म आहे का आणि तो चालतो का, हे आजच बटण दाबून बघा. अलार्म वाजला, किंवा घरातल्या दोघातिघांचं एकदमच डोकं दुखायला लागलं, मळमळलं, तर खिडक्या उघडत बसू नका. सगळ्यांनी बाहेर पडा आणि ९११ला फोन करा.

ड्रायर विजेचा असेल तर ही एक काळजी कमी, बाकीच्या आहेतच. कपड्यांच्या एका भरलेल्या खेपेतून दोनेक लिटर पाणी वाफ होऊन निघतं. ते बाहेर न जाता तुमच्या कोनाड्यातल्या भिंतींत मुरतंय, म्हणून दमट वाटतं. त्याहून वाईट म्हणजे ती लव, तुम्ही तिथे जिला लिंट म्हणता. सुती कपड्यांची ती बारीक तुसं वाळलेली असताना झटकन पेट घेतात. जाळीतून निसटलेली लव एरवी हवेच्या झोताबरोबर बाहेर निघून जाते. आता ती ड्रायरच्या मागे, खाली, मोटरच्या आसपास साचत असणार. अमेरिकेच्या अग्निशमन प्रशासनाने २००८ ते २०१० या वर्षांच्या नोंदींवरून काढलेला अंदाज असा की त्या देशात घरांमध्ये ड्रायरच्या दरवर्षी सुमारे २,९०० आगी लागत होत्या, आणि त्यांचं सर्वांत मोठं कारण, ३४ टक्के, म्हणजे सफाई न करणं. सर्वांत जास्त आगी जानेवारीत. तुमचं पत्र ऐन थंडीत आलंय, म्हणून हे सांगितलं. घाबरवायचं नाही, पण करपट वासावर आणखी दोन वेढे हा उपाय नव्हे.

आता यजमानांचा मुद्दा. त्यांचा तर्क चुकीचा म्हणवत नाही, अमेरिकेतल्या लाखो घरांत लोकांनी हाच विचार करून हाच टेप लावलेला आहे. पण या टेपचा जन्मच मुळी डक्टसाठी झालेला नाही. दुसऱ्या महायुद्धात इलिनॉयमधल्या दारूगोळ्याच्या कारखान्यात काम करणाऱ्या व्हेस्टा स्टाउट नावाच्या बाईंच्या लक्षात आलं की काडतुसांच्या खोक्यांवरची कागदी पट्टी ओढली की फाटते आणि ऐन लढाईत सैनिकाला खोकं उघडत नाही. त्यांनी कापडी, पाण्याला न जुमानणारा टेप सुचवला, वरिष्ठ दाद देईनात म्हणून १९४३ साली थेट राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टना पत्र लिहिलं. बाईंची दोन मुलं तेव्हा नौदलात होती. टेप झाला, लढाईवर गेला, आणि युद्ध संपल्यावर घरबांधणीत शिरून हीटिंगच्या डक्टवर जाऊन बसला. खोकी बंद करायला तो उत्तमच. सुटकेसचा फाटलेला कोपरा, बागेतल्या नळीची गळती, बर्फ उकरायच्या फावड्याचा दांडा, यांना खुशाल लावा.

डक्टवर तो टिकतो का, हे कॅलिफोर्नियातल्या लॉरेन्स बर्कली राष्ट्रीय प्रयोगशाळेत मॅक्स शर्मन आणि इयन वॉकर यांनी तपासलं. त्यांचा निष्कर्ष १९९८ साली जाहीर झाला. डक्टचे जोड निरनिराळ्या प्रकारांनी बंद केले आणि त्यांना आलटून पालटून गरम व थंड हवेत ठेवलं. कापडी डक्ट टेपचे जोड ठळकपणे नापास झाले. कारण समजायला सोपं आहे. या टेपचा डिंक रबराच्या जातीचा. तापला की तो सैलावतो, पुन्हा पुन्हा तापला की सुकून कडक होतो. वरचं प्लास्टिक आकसतं आणि टोकं उलटी वळतात. तुमच्याकडे टोकं लोंबताहेत ती अशी. सासऱ्यांनी गुंडाळण्यात कसूर केलेली नाही. कितीही निगुतीने लावला असता तरी तो टेप याच वाटेने गेला असता.

तिथल्या ड्रायरच्या सूचनापुस्तिकाही बहुधा हेच सांगतात: डक्ट टेप नको. पुस्तिका हरवली असेल तर ड्रायरच्या दाराच्या आतल्या बाजूला मॉडेलचा नंबर असतो, त्यावरून कंपनीच्या साइटवर ती मिळते. ती जरूर काढा, कारण पुढचं सगळं मी सर्वसाधारण सांगतोय. पुस्तिकेत वेगळं असेल तर तिचं ऐका.

दुकानातल्या त्या भिंतीसमोर उभ्या राहाल तेव्हा करडे कापडी, पांढरे प्लास्टिकचे, इलेक्ट्रिशियनचे काळे, पॅकिंगचे पारदर्शक हे सगळे डोळ्यांआड करा. आपल्याला हवा तो खऱ्या अ‍ॅल्युमिनियमच्या पत्र्याचा, म्हणजे फॉइल टेप. तो सहसा टेपांच्या भिंतीवर नसून हीटिंग-एसीच्या सामानाच्या रांगेत असतो. त्याच्या पाठीला सोलून काढायचा कागद असतो आणि डिंक अ‍ॅक्रिलिकचा असतो, जो उष्णतेला रबरापेक्षा कितीतरी जास्त टिकतो. रुंदी दोन किंवा अडीच इंच घ्या. वेष्टनावर किंवा टेपच्या पाठीवरच ‘यूएल १८१ए-पी/बी-एफएक्स’ असं छापलेलं असेल तर तोच उचला. यूएल ही वस्तूंची सुरक्षा तपासणारी अमेरिकी संस्था. ही खूण मुळात हीटिंग-एसीच्या डक्टसाठीची आहे, खास ड्रायरसाठी नव्हे. पण या खुणेच्या टेपची उष्णता, ज्वाला आणि चिकटून राहणं अशी चाचणी झालेली असते, आणि दुकानात उभ्या असलेल्या माणसाला इतकी भरवशाची दुसरी खूण सापडायची नाही. वेष्टनावर तापमानाची मर्यादा छापलेली असते, तीही वाचा. ड्रायरमधून निघणारी हवा साधारण ५० ते ७० अंश सेल्सियस असते आणि वाट तुंबली की आतलं तापमान आणखी चढतं, तेव्हा मर्यादा याच्या बरीच वर हवी.

एका गोष्टीत फसगत होते. चंदेरी रंगाचा प्रत्येक टेप फॉइलचा नसतो, प्लास्टिकवर नुसती चकाकी चढवलेलाही असतो. तुकडा हातात घेऊन घडी घाला. पत्रा घातलेल्या घडीवर तसाच राहतो, प्लास्टिक परत उलगडतं आणि ओढलं तर ताणतं. आणखी एक: कापडी टेपवरही कधीकधी १८१ची खूण दिसते, कारण हीटिंगच्या लवचीक डक्टवर क्लॅम्पच्या, म्हणजे आवळपट्टीच्या, जोडीने वापरायला तसे टेप बनतात. ड्रायरला तेही नको.

एवढं सांगून मी आता उलटंच काही सांगणार आहे. तुमच्या जागी मी असतो तर जिथून पाइप सुटला तिथे फॉइल टेपही लावला नसता.

ड्रायरच्या पाठीपासून भिंतीतल्या तोंडापर्यंतचा तो लवचीक तुकडा वर्षातून एकदा तरी काढावाच लागतो. तो काढल्याशिवाय ड्रायर पुढे येत नाही, आणि ड्रायर पुढे आल्याशिवाय मागची लव निघत नाही. तिथे टेप लावला की दरवर्षी सोलायचा, डिंक खरवडायचा आणि नवा लावायचा. मग माणूस कंटाळतो आणि सफाईच टाळतो. शिवाय ड्रायर थरथरतो, मागे ढकलताना पाइपाला हिसका बसतो. टेपचं काम बारीक फट बुजवण्याचं आहे, वजन आणि हिसका सोसण्याचं नाही. या दोन्ही टोकांना चार इंची पाइपाचा धातूचा क्लॅम्प लावायचा, तोच तो पट्टीला खाचा असलेला, स्क्रू फिरवला की आवळत जाणारा. किंमत किरकोळ, आणि वर्षानुवर्षं तोच उघडा नि आवळा.

फॉइल टेपची जागा वेगळी आहे: कडक पत्र्याच्या पाइपाचे जोड, जे एकदा बसवले की उघडायचे नसतात. तुमच्याकडे असा एखादा जोड कोनाड्यात उघडा दिसत असेल, बहुधा भिंतीत शिरण्याआधीच्या वळणाजवळ, तर तिथे टेप हवा. तिथेही दोन पाइप आधी एकमेकांत नीट बसलेले असायला हवेत. चुणी घातलेलं निमुळतं टोक हवेच्या दिशेने, म्हणजे ड्रायरपासून दूर जाणारं हवं. उलटं बसवलं तर आतल्या कडेवर लव अडकत जाते. स्क्रूंबद्दल यजमान विचारतीलच. बहुतेक राज्यांच्या घरबांधणीच्या नियमांचा पाया असलेल्या इंटरनॅशनल रेसिडेन्शियल कोडनुसार स्क्रूचं टोक पाइपाच्या आत १/८ इंचापेक्षा, म्हणजे जेमतेम तीन मिलिमीटरपेक्षा, जास्त येता कामा नये. बऱ्याच कंपन्या तर आत शिरणारा स्क्रूच नको म्हणतात. आत आलेल्या प्रत्येक टोकाला लव लोंबते.

आता त्या चुण्यांच्या पाइपाकडे बघा. तुम्ही चंदेरी म्हणता, पण तारेच्या स्प्रिंगवर ताणलेली प्लास्टिकची पातळ कातडी असेल तर तो ओढून काढा आणि कचऱ्यात टाका. तो आगीत वितळून वाट मोकळी करून देतो. पातळ फॉइलचा असेल आणि त्यावर ‘यूएल २१५८ए’ लिहिलेलं असेल तर नियमात बसतो, पण चटकन चेपतो आणि चुण्यांत लव धरतो. मी अर्धकडक अ‍ॅल्युमिनियमचा घेईन, जो वाकवला की वाकलेला राहतो. त्यावरही २१५८एची खूण बघा. लांबी आठ फुटांच्या आत, एकाच तुकड्याची. हा तुकडा भिंतीत किंवा छतात घालायचा नाही, तिथे कडक धातूचा पाइपच हवा. आणि जेवढा लागेल तेवढाच कापा. उरलेला पाइप मागे गुंडाळून ठेवला की ड्रायर ढकलल्यावर तो हमखास पिचतो.

काम तासा-दोन तासांचं आहे. ड्रायर गॅसचा असेल तर चावी बंद करा, आणि गॅसच्या नळीला ताण पडल्याशिवाय तो पुढे येत नसेल तर हात लावू नका, माणूस बोलवा. विजेचा असेल तर दोघांनी मिळून पुढे ओढा. मागची आणि खालची सगळी लव व्हॅक्यूमने काढा; हे झाल्याशिवाय पुढे जायचं नाही, करपट वास तिथूनच आला असण्याची शक्यता मोठी. वास लवेचा नसून वायर किंवा रबर जळाल्यासारखा होता का, हेही आठवा. तसा असेल तर टेप, पाइप सगळं बाजूला ठेवून आधी ड्रायर दुरुस्तीवाल्याला दाखवा.

जुना टेप सोला. ड्रायरच्या तोंडावर आणि भिंतीतल्या पाइपावर राहिलेला डिंक रबिंग अल्कोहोलने पुसून काढा. ते ज्वालाग्राही आहे, म्हणून खिडकी उघडी ठेवा, आणि पूर्ण सुकेपर्यंत काही चालू करू नका. ज्या कडक जोडावर फॉइल टेप लावायचा तो कोरडा, लवेविना आणि खोलीइतका तरी उबदार हवा. थंडगार पत्र्यावर हा टेप नीट धरत नाही. कागद एकदम सोलू नका, थोडा सोलत थोडा चिकटवत पुढे जा, कारण हा टेप स्वतःलाच चिकटला की मेला. जोडाच्या दोन्ही बाजूंना सारखा येईल असा एक वेढा, शेवटी इंचभर एकावर एक, बस्स. मग चमच्याच्या पाठीने किंवा प्लास्टिकच्या कार्डाने घासून सगळ्या सुरकुत्या बसवा. हा घासण्याचा भाग लोक टाळतात, आणि टेप सुटला की कंपनीला बोल लावतात. पत्र्याच्या कडेने बोट कापतं, हातमोजे घाला.

सासऱ्यांचं मात्र मला अजिबात अवघड वाटत नाही. उलट या घरात हे काम सर्वांत चांगलं त्यांनाच जमेल. त्यांना ‘तुमचं चुकलं’ असं सांगायचंच कशाला? ड्रायर ओढून ठेवा, सुटलेला टेप दाखवा आणि विचारा, बाबा, इंजिनाचं हेड गॅस्केटच्या भरवशावर बसवतात का? ते हसतील. हेड बोल्टने आवळायचं, गॅस्केट फक्त गळती थांबवतं, हे त्यांनी आयुष्यभर केलंय. इथे क्लॅम्प म्हणजे बोल्ट, टेप म्हणजे गॅस्केट. एवढं म्हणालात की पुढचं ते स्वतःच सांगायला लागतील, आणि यजमानांनाही ते बाबांकडून ऐकणं सोपं जाईल. दुकानात त्यांना बरोबर न्या. क्लॅम्पच्या खणापाशी त्यांना थोडा वेळ द्या, घाई करू नका.

त्यांनाच आणखी एक प्रश्न घाला: पाइप सुटला कशामुळे? क्लॅम्प नव्हता हे एक झालं. पण बाहेरची वाट तुंबली असेल तरी मागे दाब वाढतो आणि कच्चा जोड आधी निखळतो. घराबाहेर जिथे ही हवा निघते तिथे एक झडप असते. ड्रायर दुरुस्त झाल्यावर तो चालू असताना कुणीतरी खाली उभं राहून ती झडप पूर्ण उघडते का ते बघा. तिच्यावर लवेचं बूच बसतं, पक्षी घरटं करतात, कधी बर्फ साचतो. कुणी पक्षी येऊ नयेत म्हणून बारीक जाळी ठोकली असेल तर ती काढा. ड्रायरच्या पाइपाच्या बाहेरच्या तोंडावर जाळी नियमात बसत नाही, ती लवेने लवकर बंद होते.

सगळं जोडून झालं की रिकामा ड्रायर दहा मिनिटं चालवा आणि टिश्यू पेपरची बारीक पट्टी प्रत्येक जोडाभोवती फिरवा. पट्टी फडफडली तिथे हवा गळतेय. क्लॅम्प आणखी आवळा, किंवा टेप पुन्हा घासा.

जोड पक्के असूनही जाड टॉवेल एका खेपेत वाळत नसतील, तर तुंबलेलं भिंतीच्या आत आहे. वरच्या मजल्यावरच्या ड्रायरचा पाइप टाउनहाउसमध्ये बरेचदा छतातून लांबवर जातो. त्याच रेसिडेन्शियल कोडप्रमाणे कंपनीने वेगळं सांगितलेलं नसेल तर या पाइपाची एकूण मर्यादा ३५ फूट, आणि प्रत्येक साध्या काटकोनी वळणामागे त्यातून पाच फूट वजा. तीन वळणं असली की २० फूटच उरतात. तिथे घरच्या टेपचा काही उपयोग नाही, डक्ट साफ करणारा माणूस बोलवा. तो ब्रश पूर्ण लांबीतून फिरवतो का आणि शेवटी बाहेरच्या तोंडाशी हवेचा वेग मोजून दाखवतो का, हे पैसे ठरवण्याआधी विचारा. पाइप सामाईक छपरातून जात असेल तर आधी तुमच्या घरमालकांच्या असोसिएशनला लिहा. छपराचा तो भाग बरेचदा त्यांच्या अखत्यारीत असतो आणि बिलही त्यांच्याच नावावर जाऊ शकतं.